रजिस्टरातले दोन तास

शिक्षकांच्या केसचा निकाल आला त्या दिवशी स्टाफरूमसाठी आमच्याकडची मिठाई, दराबा, मीच आणला. वर्गणी शिक्षकांची होती, पण तास चालू असताना शाळेबाहेर पडायला मोकळी मीच होते. दोन किलो घेतला. परत आले तोवर मुख्याध्यापकांनी निकालाची प्रत माझ्या टेबलावर ठेवली होती, झेरॉक्स काढून प्रत्येक शिक्षकाला एकेक द्यायला. झेरॉक्सला देण्याआधी मी ती वाचली. न वाचता कागद पुढे सरकवायची मला सवय नव्हती.

आमची शाळा बुऱ्हाणपुरातली, खाजगी समितीची, पण पगार सरकारी अनुदानातून. मी तिथे लिपिक होते. माहेर नेपानगरचं. वडील जळगावकडून तिथल्या कागद कारखान्यात आले होते. मी टायपिंग शिकले, लग्न होऊन बुऱ्हाणपूरच्या सिंधीपुऱ्यात आले आणि दुसऱ्याच वर्षी या शाळेत लागले. शिक्षिकांना सगळे मॅडम म्हणत, मला ताई म्हणत. मला त्याचं कधी वाईट वाटलं नाही, पण फरक कळत होता.

नवी वेतनश्रेणी अनुदानित शाळांना लागू नाही असं सरकारने ठरवलं, तेव्हा शिक्षक हायकोर्टात गेले. त्या केसचा प्रत्येक कागद माझ्या हातून गेला. नेमणुकीचे आदेश शोधणं, सेवापुस्तकांच्या प्रती काढणं, समितीचे जुने ठराव टाइप करणं. शिक्षक जिंकले याचा मला खराच आनंद झाला होता. पण त्या निकालात पहिल्या पानापासून शेवटच्यापर्यंत ‘शिक्षक’ हाच शब्द होता. ‘और अन्य कर्मचारी’ असं कुठेतरी असेल म्हणून मी दोनदा शोधलं. नव्हतं.

प्रयोगशाळेतले भाऊ दराब्याचा कागद हातात घेऊन आले. “ताई, आपलं पण हाये ना या निकालात?”

“बघते,” मी म्हटलं. बघून झालं होतं.

कार्यालयाच्या भाषेत आम्ही शिक्षकेतर. म्हणजे शिक्षक वजा केल्यावर उरलेले. उरलेले चौघं होतो. मी, प्रयोगशाळेतले भाऊ, एक शिपाई आणि पाण्याच्या मावशी.

मावशी मूळच्या डोईफोडिया गावच्या. नवरा केळीच्या गाड्या भरायला जायचा. नदीकडच्या वस्तीत त्यांची एक खोली होती. सकाळी साडेसहाला नळ यायचा, त्याच्या आधी त्या शाळेत हजर. टाक्या भरायच्या, संडास धुवायचे, व्हरांडा झाडायचा. शिपाई बरेचदा समितीच्या सचिवांच्या कामाला गेलेला असायचा, त्यामुळे घंटाही मावशीच द्यायच्या. मधली सुट्टी झाली की सरकारी कार्यालयांत टपाल घेऊन जायच्या. संध्याकाळी पाचला कुलूप लावून चावी माझ्या टेबलावर ठेवायच्या. लागल्या तेव्हा अंगठा उठवायच्या, सही मी शिकवली. मोठी, थोडी वर चढत जाणारी सही होती त्यांची.

ती सही त्या ज्या हजेरी रजिस्टरात करत, त्यात त्यांच्या नावापुढे लिहिलेलं असे: अंशकालीन, सकाळी ७ ते ९. ते माझ्या अक्षरात होतं.

मी नवीन असताना सचिवांनी मला बोलावून सांगितलं होतं, “ताई, मंजूर पदच दोन तासांचं आहे. पूर्ण वेळ लिहिलं तर ऑडिटवाला म्हणेल, पूर्ण पगार का नाही दिला? आणि तो द्यायचा कुठून? बाईला काय फरक पडतो? मिळायचं तेवढंच मिळणार.” सचिवांचा कापसाचा व्यापार होता. माणूस मऊ बोलायचा. मी लिहिलं. नंतर दर महिन्याच्या पहिल्या तारखेला नवं पान आखायचं आणि चार नावं लिहायची, त्यात तेही लिहायचं. वीस वर्षांहून जास्त लिहिलं. एकदाही हात अडखळला असं मला आठवत नाही.

शिक्षकांच्या निकालानंतर महिन्याभराने आम्ही चौघं जबलपूरला हायकोर्टात केस करायला गेलो. लोकांना वाटतं इंदूर जवळ, तिथेही हायकोर्टाचं खंडपीठ आहे, मग इंदूरला का नाही. पण आमच्या जिल्ह्याच्या केसेस जबलपूरला चालतात. इटारसीवरून गाडी. मावशी पहिल्यांदाच एवढ्या लांब आल्या होत्या. पिशवीत त्यांनी भाकरी, ठेचा आणि आधार कार्डाच्या सहा झेरॉक्स आणल्या होत्या. सहा कशाला म्हणून विचारलं, तर म्हणाल्या, “कोर्ट मोठं हाये, कमी नको पडाले.”

वकील शिक्षकांचेच होते. त्यांनी आमची कागदं चाळली, माझी, भाऊंची, शिपायाची. मान हलवली. मग मावशींना विचारलं, “आप कितने घंटे काम करती हैं?”

“जितने घंटे स्कूल खुला रहता है,” मावशी म्हणाल्या.

वकिलांनी हजेरीच्या पानावर बोट ठेवलं. “इसमें तो दो घंटे हैं। ये किसने लिखा?”

“मैंने,” मी म्हणाले.

त्यांनी माझ्याकडे पाहिलं आणि पान उलटलं. थोड्या वेळाने मावशींना बाहेर चहा घ्यायला पाठवून त्यांनी आम्हा तिघांना सांगितलं की या बाईंना सोबत घेतलं तर सरकार हेच पान पुढे करेल. सगळ्यांनाच अंशकालीन म्हणेल. तुमची केस साफ आहे, ती खराब का करता? त्यांचं नंतर बघू.

भाऊ लगेच म्हणाले, “बराबर है।” शिपाई खाली बघत राहिला. मीही हो म्हटलं. हे मला स्पष्ट लिहायला हवं, कारण पुढे काही वर्षं मी स्वतःला असं सांगत असे की निर्णय वकिलांचा होता.

मावशी आत आल्या. तिघांच्या सह्या झाल्या होत्या. “माझी कुठी करू?” त्यांनी विचारलं.

“तुमची वेगळी करायची आहे. नंतर,” मी म्हटलं.

“बरं,” म्हणाल्या आणि झेरॉक्स परत पिशवीत ठेवल्या. परतीच्या गाडीत त्यांनी भाकरी चौघांत वाटली.

आमची केस सव्वा वर्ष चालली. तिघांना शिक्षकांप्रमाणेच लाभ द्यावा असा आदेश झाला. खात्याने आधी दुर्लक्ष केलं, मग कोर्टाच्या अवमानाची नोटीस गेली, तेव्हा हललं. फरकाची रक्कम खात्यात आली त्या आठवड्यात भाऊंनी घराला रंग दिला. मी घरच्या छताची गळती काढली. शाळेत या वेळी दराबा वगैरे काही आला नाही. मावशींसमोर कोणी तो विषयच काढत नव्हतं. त्यांना कळलं नव्हतं असं नाही. शाळेत पाणी भरणाऱ्या बाईला जेवढं कळतं तेवढं मुख्याध्यापकालाही कळत नाही.

माझ्या टेबलावर पाण्याचा ग्लास पूर्वीसारखाच यायचा. फक्त आधी त्या दोन मिनिटं थांबायच्या, सुनेचं, नातवाचं काहीतरी सांगायच्या. ते थांबलं.

असे तीन-चार महिने गेले असतील. एका दुपारी ऑफिसात मी एकटीच होते. घंटा देऊन मावशी दारात उभ्या राहिल्या.

“ताई, एक विचारू? तुमी शिकेल-सवरेल हा.”

“विचारा ना.”

“शाळेची घंटा दिवसभरात किती बार वाजते?”

“प्रार्थना, आठ तास, सुट्टी... अकरा-बारा वेळा.”

“मंग दोन घंट्यात मी बारा बार कशी वाजवते?”

आवाज चढलेला नव्हता. त्या खरंच विचारत होत्या. मग त्या टाकीकडे गेल्या.

घंटा हा पुरावा नव्हता. घंटेची नोंद कुठेच नसते. पण त्यांचं बोलणं माझ्या डोक्यातून जाईना. बारा वेळा वाजते हे मला ठाऊक होतं, शाळेतल्या प्रत्येक मुलाला ठाऊक होतं, आणि कागदावर मात्र ते नव्हतं. मी हिशेब लावू लागले की या बाईने नऊनंतर केलेलं कोणतं काम कागदावर असेल. आणि दोन दिवसांनी एक पत्र जावक करताना ते माझ्या हातातच होतं. डाकवही.

डाकवहीत मी पत्राचा क्रमांक आणि कार्यालयाचं नाव लिहायची. मावशी वही घेऊन जायच्या. पत्र घेणारा बाबू वहीत सही करून, शिक्का मारून, तारीख टाकायचा. सरकारी कार्यालय साडेदहाच्या आधी उघडत नाही. ज्या बाईची ड्यूटी नऊला संपते, तिच्या हातचं टपाल साडेदहानंतर घेतलं गेलं होतं, आणि घेणारं कार्यालय होतं जिल्हा शिक्षण कार्यालय, म्हणजे पगार नाकारणारं कार्यालयच. टपाल कोणी नेलं याच्या रकान्यात त्यांचं नाव होतं. तेही माझ्याच अक्षरात.

जुन्या डाकवह्या प्रयोगशाळेच्या मागच्या खोलीत, मोडक्या बाकांखाली होत्या. भाऊंनी त्या काढायला मदत केली. मी न सांगताच केली, आणि धूळ झटकताना म्हणाले, “तवाच करायला पायजे होतं ताई.” काही वह्या वाळवीने खाल्ल्या होत्या. अकरा चांगल्या निघाल्या. मी शनिवारी शाळा सुटल्यावर बसून शिक्के असलेली पानं वेगळी केली आणि सोमवारी मावशींना ऑफिसात बोलावलं. रजिस्टर आणि डाकवही शेजारी ठेवली आणि त्यांना दाखवलं की यात काय आहे आणि त्यात काय आहे. जबलपूरला त्यांना बाहेर का पाठवलं होतं, तेही सांगितलं.

त्या रजिस्टरावरची स्वतःची सही बघत होत्या. “मंजे मी रोज याच्यावर सही करत होती?”

“हो.”

“अन् तुमाले मालूम होतं.”

“हो.”

त्या उठल्या. वर्गांत पाणी न्यायची वेळ झाली होती. दारापाशी जाऊन म्हणाल्या, “करा मंग केस.”

वकिलांना फोन केला. डाकवहीचं ऐकून ते खूश झाले, पण म्हणाले की नुसत्या शिक्क्यांवर भागणार नाही. सरकार म्हणेल कधीतरी एखाद्या दिवशी थांबवलं असेल. रजिस्टर चुकीचं आहे हे रजिस्टर लिहिणाऱ्याने सांगायला हवं. “शपथपत्र आपको देना पड़ेगा। सोच लीजिए। आप लिखेंगी कि मैंने जानते हुए गलत लिखा, तो बात आप पर भी आएगी।”

माझ्या निवृत्तीला तेव्हा आठ महिने होते. घरी सांगितलं. नवरा जेवत होता. म्हणाला, “आधी लिहायचंच नव्हतं.” मग थोड्या वेळाने म्हणाला, “आता लिही.” एवढीच चर्चा झाली.

शपथपत्र मी स्वतः टाइप केलं. शाळेच्या कंप्यूटरवर नाही, कचेरीसमोरच्या टायपिंगवाल्याकडे बसून, त्याला पैसे देऊन त्याच्याच मशीनवर. ‘सचिव के मौखिक निर्देश पर’ हे शब्द आले तेव्हा मी थांबले. ते खरे होते. पण त्यांच्याआधी ‘मेरे द्वारा’ हेही खरं होतं. दोन्ही ठेवले. नोटरीने न वाचता शिक्का मारला.

आठवड्याभराने सचिव घरी आले. म्हातारे झाले होते. चहा घेतला.

“ताई, इतक्या वर्षांत मी तुम्हाला कधी आवाज चढवून बोललो?”

“नाही.”

“तुमची केस झाली तेव्हा समितीने काही आडकाठी आणली?”

“नाही.”

“मग हे काय?”

“जे खरं होतं ते लिहिलं.”

“खरं तर तुम्हाला तेव्हाही माहीत होतं,” सचिव म्हणाले. “तेव्हा नाही लिहिलं. तुमचा फरक मिळाल्यावर लिहिलं.”

ते उठून चपला घालेपर्यंत मी उत्तर शोधत होते. नंतर पुष्कळ उत्तरं सुचली, पण त्यांतलं एकही त्यांच्या वाक्याइतकं खरं नाही.

महिना संपायच्या आत मला समितीची नोटीस आली: अभिलेखात जाणूनबुजून चुकीची नोंद केल्याबद्दल कारवाई का करू नये. मी उत्तर दिलं. निवृत्त झाले तेव्हा चौकशी चालू असल्यामुळे माझा नो-ड्यूजचा, म्हणजे देणं बाकी नसल्याचा, दाखला दिला नाही, आणि त्यामुळे ग्रॅच्युइटी अडली. निरोप समारंभ झाला. शाल-नारळ दिला. भाषणं चांगली झाली.

मावशींची केस निवृत्तीनंतर सुनावणीला आली. आता हायकोर्टाचं कामकाज मोबाइलवर दिसतं, त्यामुळे जबलपूरला जायची गरज पडली नाही. भाऊंनी शाळेत बोलावलं. प्रयोगशाळेत त्यांचा मोबाइल बीकरला टेकवून ते, मावशी आणि मी बसलो. बराच वेळ दुसऱ्यांच्या केसेस चालू होत्या. मावशींना त्यातलं काही कळत नव्हतं, पण पदर नीट करून, जणू समोरचे आपल्याला बघतायत, अशा त्या बसल्या होत्या. पाचव्या तासाची वेळ झाली. त्या घंटा द्यायला उठल्या, आणि नेमका तेव्हाच पुकारा झाला.

सरकारी वकिलांनी हजेरीचं पान दाखवलं. आमच्या वकिलांनी डाकवहीची पानं. न्यायाधीशांनी पानं उलटली आणि सरकारी वकिलांना विचारलं, “ये मोहर किस कार्यालय की है?”

“जिला शिक्षा अधिकारी कार्यालय की, माय लॉर्ड।”

“आपकी ही है ना?”

ते काहीतरी बोलले, आवाज तुटला. मग शपथपत्राचा उल्लेख झाला. माझं नाव घेतलं गेलं. मोबाइलच्या एवढ्याशा स्पीकरमधून आपलं नाव ऐकताना कसंतरी झालं. आदेश सांगायला सुरुवात झाली तेव्हा मावशी आत आल्या.

“लागली का आपली?”

“झाली,” भाऊ म्हणाले. “झाली पण.”

“इतक्यात?” त्या खाली बसल्या. “मंग काय झालं?”

झालं ते असं. त्यांना पूर्णवेळ कर्मचारी मानावं आणि वेतनश्रेणी द्यावी. मात्र थकबाकी केस दाखल केल्याच्या आधीच्या तीन वर्षांपासूनच. त्याच्या मागचं मिळत नाही. तसा कायदाच आहे. मी त्यांना समजावून सांगितलं. आमच्याबरोबर त्यांची केस दाखल झाली असती तर अडीच-तीन वर्षांचे पैसे आणखी मिळाले असते, हेही सांगितलं. न सांगता चाललं असतं. भाऊंनी माझ्याकडे डोळे वटारून पाहिलं.

मावशी बोटांवर काही मोजत होत्या. मग मोजायचं सोडून म्हणाल्या, “मंजे बाकीचे वर्षं मी दोन घंटेच काम केलं.”

“कागदावर, हो.”

“बरं.”

रक्कम यायला आणखी दहा महिने गेले. त्यानंतर वर्षभराने त्याही निवृत्त झाल्या. माझं प्रकरण कामगार कार्यालयात गेलं आणि अडीच वर्षांनी सुटलं. चौकशीत माझ्यावर ठपका कायम राहिला, ग्रॅच्युइटी मिळाली. तो कागद माझ्याकडे आहे. त्यात लिहिलंय ते चूक नाही.

मावशींच्या निरोपाला मला बोलावणं नव्हतं. काही दिवसांनी मी त्यांच्या घरी गेले. त्यांनी शेजारची खोली विकत घेऊन मधली भिंत काढली होती. नवऱ्याला आता ओझं उचलवत नव्हतं, तो दाराशी खाटेवर बसून होता. सुनेने चहा केला. इकडचं-तिकडचं बोलून झालं, आणि जे विचारायला आले होते ते मी विचारलं.

“मावशी, तुम्हाला माझा राग आला होता का?”

“आला ना,” त्या लगेच म्हणाल्या. “लय आला. आतापण येते कधी कधी. सैपाक करता करता येते.”

“मग तेव्हा बोलल्या का नाही?”

“कोणाले बोलू? मले मालूम असलेलं कागद वाचणारं माणूस तुमीच. तुमच्याशी भांडली असती तं माझं कोण वाचणार होतं?”

सून हसली. तिला वाटलं सासू गंमत करतेय. मावशी हसत नव्हत्या. रागानेही पाहत नव्हत्या. त्यांनी माझ्या बशीत आणखी चहा ओतला आणि गुडघ्याला कोणतं तेल लावावं ते विचारलं. मला जे माहीत होतं ते मी सांगितलं. अर्ध्या तासाने निघाले. त्या कोपऱ्यापर्यंत आल्या, ऑटोवाल्याला सिंधीपुऱ्याचा भाव ठरवून दिला, आणि ऑटो वळेपर्यंत तिथेच उभ्या होत्या की लगेच परत गेल्या, ते मी पाहिलं नाही.